डावीकडचा उजेड

हाताची सावली कागदावर पडली आणि हिलालचं लिहिणं थांबलं. सावली काही मोठी नव्हती. करंगळीपासून मनगटापर्यंत, ओल्या फडक्याचा डाग असावा तशी. पण पेन्सिलीचं टोक कागदाला जिथं टेकलं होतं नेमकी तिथंच दाट. त्यानं हात उचलला तेव्हा ती पसरून फिकट झाली, टेकवला तेव्हा पुन्हा गोळा होऊन अक्षरावर येऊन बसली. ‘फळा येथून स्वच्छ दिसतो’ एवढंच वाक्य त्याला टिपून ठेवायचं होतं. त्यातला ‘स्वच्छ’ अर्धा उजेडात आणि अर्धा अंधारात राहिला. हिलालनं मान उजवीकडे वळवली. उत्तरेच्या चारही मोठ्या खिडक्या सताड उघड्या होत्या आणि त्यांतून एप्रिलचा कोरडा, एकसारखा उजेड आत येत होता, त्याला हवा होता तसाच, मोजून मागवल्यासारखा. फक्त तो उजवीकडून येत होता. उजवीकडून. हा शब्द त्यानं मनात दोनदा म्हटला.

नंदुरबार स्टेशनच्या रस्त्याला, कापसाच्या जिनच्या पलीकडे, तीन खोल्यांची ही नवी शाळा उभी राहिली होती. रंगाचा वास अजून गेला नव्हता. चार दिवसांनी आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया. त्या मुहूर्तावर पूजा आणि उद्घाटन, मग जूनमध्ये वर्ग. हिलाल पाटील हा धानोऱ्याच्या शेतकऱ्याचा मुलगा, गावातला पहिला बी.एस्सी., या शाळेत शास्त्राचा मास्तर व्हायचा होता. नेमणुकीच्या कागदावर कमिटीची सही अजून व्हायची होती, पण इमारतीचा नकाशा काढायचं काम त्यानं त्याआधीच हौसेनं मागून घेतलं होतं. कॉलेजच्या ग्रंथालयात त्याला एक जाडजूड पुस्तक सापडलं होतं, शाळांच्या आरोग्यावरचं. त्यात लिहिलं होतं की खिडक्यांचं क्षेत्रफळ जमिनीच्या पाचव्या हिश्श्याहून कमी नसावं, आणि उजेड नेहमी मुलाच्या डावीकडून यावा, म्हणजे लिहिणाऱ्या उजव्या हाताची सावली कागदावर पडत नाही. ते वाक्य वाचताना त्याला झालेला आनंद त्याला अजून आठवत होता. इतकं साधं, इतकं खरं; आणि बारा वर्षं शाळेत बसून आपल्याला कुणी हे सांगितलं नाही! शाळा म्हणजे चार भिंती असं आजवर धरून चाललेला हिलाल त्या दिवसापासून प्रत्येक इमारतीत शिरला की आधी उजेड कुठून येतो ते बघू लागला. देवळात, कचेरीत, न्हाव्याच्या दुकानातसुद्धा.

आणि तरीही हे झालं. कसं झालं ते शोधायला त्याला फार वेळ लागला नाही. डोळे मिटले की नकाशाचा कागद समोर येत होता. मावशीच्या घरी, धान्याच्या कणगीवर पाट ठेवून त्यानं तो कागद पसरला होता. मास्तरांचा ओटा त्यानं काढला होता कागदाच्या खालच्या कडेला, अगदी आपल्या पोटाशी. तिथून वर, दूर दूर जाणाऱ्या मुलांच्या रांगा, माळ्यावरून शेत बघावं तशा. मग आपल्या डाव्या हाताला, मोकळ्या मैदानाची उत्तर बाजू येईल असं धरून, त्यानं चार खिडक्या काढल्या आणि शेजारी सुरेख अक्षरात लिहिलं, ‘प्रकाश डावीकडून’. ती डावी बाजू त्याची होती. ओट्यावर उभ्या असलेल्या मास्तराची. त्या मास्तराकडे तोंड करून बसलेल्या मुलांची ती उजवी होती. तीन खोल्या, तीन दगडी ओटे, ओट्यांमागे भिंतीवरच काळे रंगवलेले तीन फळे, सगळे पश्चिमेच्या टोकाला. दर वर्षी शंभर-सव्वाशे मुलं इथं येऊन बसतील आणि आपल्याच हाताच्या अंधारात अक्षरं गिरवतील, इमारत पडेपर्यंत. दगडी इमारत किती वर्षं टिकते? साठ तरी. त्यानं मनात गुणाकार सुरू केला आणि मध्येच सोडून दिला.

तो तिथंच मांडी घालून बसून राहिला. खाली नवी शहाबादी फरशी गार होती. एरवी अशा गार जमिनीवर बसलं की त्याला धानोऱ्याची पहिली शाळा आठवायची, तशी ती आताही आली, न बोलावता. तिला शाळा तरी कसं म्हणायचं! मारुतीच्या देवळाचा कट्टा, एक कडुनिंब, एक पंतोजी आणि त्यांच्याभोवती कडं करून बसलेली बारा-तेरा पोरं. पंतोजी खांबाला टेकून डोळे मिटायचे आणि पोरं पावकी, निमकी, पाउणकी गळा ताणून म्हणायची. धुळपाटीवर बोटानं अक्षर काढायचं आणि तळहातानं पुसायचं. त्या शाळेला भिंत नव्हती, खिडकी नव्हती, पुढची बाजू नव्हती की मागची नव्हती. तिला यातलं काही लागतच नव्हतं, कारण तिथली विद्या कानातून शिरून गळ्यातून बाहेर पडत होती, आणि कानाला उजेड लागत नाही. पंतोजींना दिसायचं फार कमी, पण कडेच्या बाराव्या पोरानं ‘सत्ते’ऐवजी ‘अठ्ठे’ म्हटलं तर ते डोळे न उघडता त्याच्या अंगावर खडा मारायचे आणि तो लागायचा. घरी आल्यावर आई, धनुबाई, चुलीपुढून विचारायची, “काय शिकना रे आज?” आणि तो म्हणून दाखवायचा. आईलाही ती निमकी पाठ झाली होती. शाळा अशी घरापर्यंत ऐकू येत होती.

“काय व्हयनं मास्तर? आंगवर पाल पडनी का काय?”

दारात दोधू मिस्तरी उभा होता. हातात थापी, मिशांवर चुना. त्यानं जन्मभर कापसाच्या वखारी बांधल्या होत्या, शाळा ही त्याची पहिलीच. आणि हिलालच्या त्या मोठ्या, खाली आलेल्या खिडक्यांवरून त्याचं आणि हिलालचं दोन महिने भांडण चाललं होतं. वखारीची खिडकी छताजवळ असते, बोकडाच्या कानाएवढी. हिलालनं खिडकीची खालची कड जमिनीपासून अडीच फुटांवर धरायला सांगितला तेव्हा दोधूनं विचारलं होतं, इतल्या खाले कशाले, बकऱ्या घुसाडनात का?

“दोधूभाऊ, ओटा चुकलाय.”

“ओटा?” दोधूचा आवाज एकदम चढला. “पाणसळमा शे तो. चार डाव पाही घेयेल शे मी. पानी ठेवा वर, थेंब जर हालना तर मिशी काढी टाकसू.”

“सरळ आहे हो. पण चुकीच्या टोकाला आहे.” हिलालनं त्याला शेजारी बसवलं, हातात पेन्सिल दिली. दोधूनं ती थापीसारखी मुठीत धरली. हिलालनं त्याची बोटं सोडवून नीट धरवली आणि कागदाला टेकवली. दोधू बराच वेळ त्या सावलीकडे बघत राहिला. मग खिडकीकडे, मग ओट्याकडे, मग पुन्हा सावलीकडे. बांधकामातला माणूस; त्याला नकाशा वाचता येत नव्हता, पण दिशा कळत होती.

“आते बोला!” तो म्हणाला आणि त्याला हसू फुटलं. “वीस वखारी बांध्यात मी. कापूसनी गासडी कधी म्हननी नही का माले डावीकडथून उजेड द्या.” मग त्याला हिलालचा चेहरा दिसला आणि हसणं थांबलं. “ऐका मास्तर. तिन्ही ओटा फोडीसन पलीकडला टोकले लई जावाना, तीन दिनना काम शे. आज सांगा, आज पहार लावस. पन एकदाव पूजा व्हई गई ना, मंग मन्हा हात लागाव नही. पूजेल ओटावर पहार मारनारा मी नही, अन् या गावमा दुसरा कोनी भेटाव बी नही.”

हे हिलालला ठाऊक होतं. ज्या ओट्यावर नारळ फुटला, कुंकू लागलं, तो ओटा देव झाला. मग तो तसाच राहणार. म्हणजे जे काही सांगायचं ते आजच, आणि आज चार वाजता अनोखीबाई येणार होत्या. ही शाळा त्यांनी नवऱ्याच्या नावानं बांधून दिली होती. त्यांचे यजमान रतनलाल शेठ कापसाचे मोठे व्यापारी, तीन वर्षांपूर्वी वारले. त्यांच्या नावाची संगमरवरी पाटी कालच मोठ्या खोलीत, ओट्यामागच्या भिंतीत, फळ्याच्या वर बसवली होती. पाटी बाहेर फाटकावर नको, आत पोरांच्या समोर हवी, हा एकच हट्ट त्यांनी इमारतीबद्दल केला होता. ओटा फिरवला की पोरं पूर्वेकडे तोंड करतील आणि ती पाटी त्यांच्या पाठीमागे जाईल.

“आन पहिले करणसिंग मास्तरले सांगा,” दोधू उठता उठता म्हणाला. “तेस्ना शबदवर बाई हो म्हननी व्हती.”

करणसिंग मास्तर हिलालचे शाळेतले गुरुजी. त्यांच्या घराकडे जाताना ऊन डोक्यावर आलं होतं. जिनचा भोंगा होऊन गेला होता आणि रस्त्याच्या कडेला कापसाच्या तुसाचा पांढरा थर तापून पडला होता. गप्प बसलं तर? हा विचार हिलालच्या मनात आला तो चोरासारखा आला नाही, तो पाहुण्यासारखा आला, ओळखीचा, स्वच्छ कपड्यांतला. कुणाला कळणार होतं? इन्स्पेक्टर खिडक्या मोजतील, खूश होतील. पोरं काय, ती कुठल्याही उजेडात लिहितात. आपण बोललो तर सही न झालेला कागद सही न होताच राहील आणि आपण धानोऱ्याला, वडिलांच्या ज्वारीत. रस्ता डावीकडे वळला आणि जुनी लोकल बोर्डाची शाळा समोर आली. काळ्या दगडाची, लाल कौलांची, जोत्यावर उंच बसलेली. शेजारी पोलीस चौकी, तिच्या पलीकडे दवाखाना. तिन्ही इमारती एकाच नकाशावरून बांधलेल्या, सख्ख्या भावंडांसारख्या. नवा माणूस दवाखाना समजून शाळेत शिरायचा आणि गुन्हेगारासारखा ओशाळून बाहेर पडायचा. हिलाल आठव्या वर्षी धानोऱ्याहून मावशीकडे राहून त्या शाळेत शिकायला आला होता. मावशीनं हाताला धरून आणून सोडलं तेव्हा त्यानं आधी कडं शोधलं. कडं नव्हतं. रांगा होत्या. सगळी तोंडं एका बाजूला आणि त्या बाजूला लाकडी चौथऱ्यावर एक माणूस, नकाशा, घंटा, घड्याळ. खिडक्या इतक्या वर की उभं राहिलं तरी आभाळाखेरीज काही दिसू नये. मुलांनी बाहेर बघू नये म्हणून कुणीतरी लांबच्या शहरात बसून तशा काढल्या असणार. ज्यानं काढल्या त्याला पोरांच्या डोळ्यांची भीती वाटत असली पाहिजे.

पण त्या उंच खिडक्यांवर हिलालला पुरतं रागावता येत नव्हतं, आणि हे त्याचं गुपित होतं. त्याच खिडक्यांतून सकाळी उन्हाचा एक चौकोन समोरच्या भिंतीवर पडायचा. बाहेर बघायला काही नव्हतं म्हणून तो त्या चौकोनाकडे बघायचा. भूगोलाचा तास सुरू होताना चौकोन कुठं आहे, संपताना कुठं आहे. एक दिवस मधल्या सुट्टीत त्यानं खडूनं त्याच्या कडेला खूण केली. दुसऱ्या दिवशी त्याच वेळी पाहिलं तर चौकोन खुणेला पोचला नव्हता. मग रोज खूण. महिनाभरात भिंतीवर खडूच्या रेघांची शिडी झाली आणि करणसिंग मास्तरांनी ती पकडली. “कुणी केलं हे?” हिलाल उभा राहिला. छडी येणार म्हणून त्यानं हात पुढेही केला होता. मास्तर भिंतीपाशी गेले, चष्मा वर करून त्या रेघा त्यांनी एकेक मोजल्या आणि विचारलं, “ही कुठल्या दिवसाची?” त्यानं सांगितलं. “आणि ही जरा लांब का?” रविवार मध्ये आला म्हणून, त्यानं सांगितलं. दुसऱ्या दिवशी मास्तर घरून एक संत्रं आणि विणकामाची सुई घेऊन आले, आणि तो तास संपला तेव्हा पृथ्वी कलती असते हे हिलालला आयुष्यभरासाठी कळलं होतं. बी.एस्सी. तो त्या दिवशीच झाला. बाकीची वर्षं कागद मिळवण्यात गेली. पुढे कॉलेजात पहिल्या दिवशी त्यानं पायऱ्यापायऱ्यांची खोली पाहिली, वर विद्यार्थी आणि खाली खड्ड्यात, टेबलाशी, प्रोफेसर. मास्तर खाली आणि पोरं वर! तो दचकलाच होता. मग लक्षात आलं की इथं बघायचं ते मास्तराच्या तोंडाकडे नाही, त्याच्या हातातल्या नळीकडे. खोलीचा आकार बदलला की बघायची वस्तू बदलते. कानाची शाळा, समोर बघायची शाळा, वरून खाली बघायची शाळा. आणि आपली? आपल्याला अशी शाळा हवी होती की जिच्यात खोली आधी पोराला विचारील, तू कुठं बसतोस, तुला काय दिसतं. ती काढायला आपण बसलो, आणि बसलो ते थेट ओट्यावर.

करणसिंग मास्तर ओसरीत उद्घाटनाचं भाषण मोठ्यानं वाचून बघत होते. निवृत्त होऊन वर्ष झालं नव्हतं तोच ते नव्या शाळेचे हेडमास्तर होणार होते. भरघोस पांढऱ्या मिशा, अंगात बंडी, पायाशी पाण्याचा तांब्या. हिलालनं उभ्यानंच सगळं सांगितलं. सांगताना आपण प्रयोगाचा वृत्तांत वाचावा तसं बोलतोय हे त्याला कळत होतं.

“उजवीकडून?” मास्तर म्हणाले.

“हो.”

“मी तीस वर्षं शिकवलं, हिलाल. उजेड कुठून येतो ते एकदाही पाहिलं नाही. पोरं शिकली की नाही? मामलेदार कचेरी भरली आहे माझ्या पोरांनी.”

“तिथं उजेड डोक्यावरून यायचा मास्तर. सगळ्यांना सारखाच कमी.”

मास्तरांच्या मिशा हलल्या. “बरं, पण तू चुकलास कसा? तू? ते सांग.”

“मी ओट्यावर उभं राहून नकाशा काढला. मनात.”

मास्तर इतके मोठ्यानं हसले की आतून कुणीतरी डोकावून गेलं. “म्हणजे झालास मास्तर! कागद यायच्या आधीच झालास!” पण हसणं संपल्यावर त्यांनी भाषणाचे कागद हळूहळू जुळवले, घडी घातली, आणि ती घडी घालण्यात त्यांना नको इतका वेळ लागला. “मी त्या बाईंना सांगितलं होतं,” ते कागदांकडे बघत म्हणाले. “शेठाणीबाई, नकाशाला इंजिनेर नको. माझा विद्यार्थी आहे. त्याचं गणित चुकत नाही.” हिलालला वाटलं, छडी बरी होती. “त्या पाटीवर जीव आहे त्यांचा. कमिटी तर त्यांच्याच शब्दातली. त्या नाही म्हणाल्या तर ओटा राहील आणि तू जाशील, हे कळतंय ना?”

“कळतंय.”

“मग टोपी दे माझी. तिथं खुंटीला आहे.”

चार वाजता बैलांची दमणी शाळेपुढे थांबली. अनोखीबाई साठीच्या पुढच्या, ठेंगण्या, गर्द तपकिरी ओढणी कपाळाखाली ओढलेली. हिलाल आणि दोधू त्यांना लेकरांसारखे. पण करणसिंग मास्तर यजमानांच्या वयाचे, म्हणून त्यांच्याशी त्या समोरासमोर बोलत नसत. मध्ये कुणीतरी लागे. दोन वर्षं हे असंच चाललं होतं आणि मास्तरांनाही आता त्याची सवय झाली होती.

“दोधू, मास्टरजीले सांग, पाटी चांगली बसनी,” त्या मास्तरांपासून तीन हातांवर उभ्या राहून म्हणाल्या. मारवाडातून येऊन त्यांना पंचेचाळीस वर्षं झाली होती. माहेरच्या बोलीत अहिराणी अशी मुरली होती की कुठली कुठं संपते ते कळू नये. “अक्षरं ठसठशीत शेत.”

“सांग त्यांना,” मास्तर म्हणाले, “की हिलालला काही बोलायचं आहे.”

“ऐकी ऱ्हायनी मी,” बाई दोधूला म्हणाल्या.

हिलाल बोलला. या वेळी प्रयोगासारखं नाही जमलं. वाक्यं आधी-मागे झाली, ‘माझी चूक’ हे तो तीनदा म्हणाला. बाईंच्या चेहऱ्यावरून काही कळत नव्हतं. सगळं ऐकून त्या एवढंच म्हणाल्या, “छाया पडस? कठै पडस? दाखाडो.” आणि कुणी काही म्हणायच्या आत त्या तिसऱ्या रांगेच्या जागी, जिथं सकाळी हिलाल बसला होता जवळजवळ तिथंच, फरशीवर मांडी घालून बसल्या. दोधूनं पटकन पाठ वळवून चुन्याच्या घमेल्याकडे बघितलं, सासुरवाशीण पहिल्यांदा झोक्यावर बसताना लोक बघतात तसं, न बघता. हिलालनं लिहायची दगडी पाटी आणि पेन्सिल त्यांच्यापुढे ठेवली. त्यांनी पेन्सिल उचलली, चुलीतला निखारा चिमट्यानं धरावा तशी जपून, आणि पाटीला टेकवून एक आडवी रेघ ओढली.

पाटीवर सावली नव्हती.

“कठै शे छाया?” बाई म्हणाल्या.

हिलाल खाली वाकला. पाटी कोऱ्या उजेडात चमकत होती. पेन्सिलीचं टोक, त्या टोकानं ओढलेली आडवी रेघ, सगळं लख्ख. एक क्षणभर त्याला वाटलं आपण सकाळी चुकलो, उजेडच फिरला. आणि मग दिसलं. पेन्सिल डाव्या हातात होती. बाई डावखुऱ्या होत्या. जेवायला वाढताना, देवाला फूल वाहताना, सासूच्या पाया पडताना कुणीकुणी त्यांचा तो हात लहानपणापासून धरून खाली केला असणार, आणि त्या कामांना उजवा हात शिकलाही असणार. पण लिहायला त्यांना कुणी शिकवलंच नव्हतं. म्हणून त्या एका कामाचा हात बदलायचा राहून गेला होता.

त्याच्या डोक्यात एकामागून एक दारं उघडत गेली. त्या दगडी शाळेत डाव्या हातानं लिहिणारं एकही पोर नव्हतं. हे त्याला आजवर निसर्गाचं प्रमाण वाटत होतं. पण मावशीच्या शेजारचा आमशा? त्याची डावी बोटं दोन महिने छडीनं सुजलेली असायची, मग तो उजव्या हातानं वाकडं काढू लागला, मग यायचाच बंद झाला. ‘उजेड मुलाच्या डावीकडून यावा’ असं त्या जाड पुस्तकात कुणीतरी खात्रीनं लिहिलं होतं, कारण मोजणी व्हायच्या आधीच पोरं निवडून, वळवून, सारखी करून ठेवलेली होती. खोली कशीही फिरवली तरी कुणीतरी आपल्या सावलीत बसणारच होतं. आता गप्प बसणं किती सोपं होतं! बाईंना सावली दिसलीच नव्हती. ‘नाहीच पडत की,’ एवढं म्हटलं की झालं. मास्तरांचा शब्द राहिला, भिंतीवरची पाटी राहिली, कागदावर सही झाली.

“बाई,” तो म्हणाला, आणि आपल्या तोंडून काय बाहेर पडणार आहे ते कळून त्याला लाज वाटली. “जरा... उजव्या हातानं धरून बघता?”

बाईंनी वर बघितलं. हे वाक्य त्यांनी किती वेळा ऐकलं असेल! त्यांनी पेन्सिल उजव्या हातात घेतली आणि टेकवली. सावली आली. बोटांवरून घसरून थेट टोकावर येऊन बसली. त्यांनी हात हलवला, ती हलली. त्यांनी मघाच्या रेघेशेजारी दुसरी रेघ ओढायला घेतली आणि ती कुठं जाते ते दिसेना म्हणून मान वाकडी केली, मग अजून वाकडी केली. खोलीत फक्त पाटीवरचा करकर आवाज होता.

“हाई तर वाईट शे,” त्या शेवटी म्हणाल्या. “बठ्ठा पोऱ्यासले असं?”

“जवळजवळ सगळ्यांना.” ‘जवळजवळ’ हा शब्द त्यानं मुद्दाम घातला.

बाईंनी समोरच्या भिंतीवरच्या संगमरवरी पाटीकडे बघितलं. त्यांना ते नाव वाचता येत नव्हतं. आकारावरून ओळखता येत होतं, हे गावाला माहीत होतं. “ओटा फिराया तर पोऱ्या तिकडे तोंड करतीन. मंग हाई नाव कोन देखी?”

“मास्तर बघतील. दिवसभर त्यांच्या समोर राहील ते.”

“दोधू,” बाई म्हणाल्या, “मास्टरजीले विचार, तेस्ले चाली का? रोज सकायपाई या माणूसनं तोंड देखनं पडी. हिशोबमा फार कडक व्हता हो.”

करणसिंग मास्तरांनी घसा साफ केला. “सांग त्यांना,” ते म्हणाले, आणि मग दोधूकडे न बघताच म्हणाले, “चालेल.”

“मंग फोडा ओटा,” बाई म्हणाल्या. “नाव ऱ्हाऊ द्या तठेच. पोऱ्यासले उजेड पाहिजे, तेस्नं नाव काय कराले?”

हिलाल भिंतीला टेकला. दोधू तर आधीच बाहेर गेला होता. पहारीचं लोखंड फरशीवर वाजलं आणि तो ती खांद्यावर घेऊन दारात आला, आज काम सुरू करायचं म्हटल्यावर त्याला मिनिटाचा धीर नव्हता. पण अनोखीबाई उठल्या नाहीत. त्यांनी पेन्सिल पुन्हा डाव्या हातात घेतली होती. ओढणी कपाळावरून जरा मागे सरली होती ते त्यांच्या लक्षात नव्हतं. भिंतीवरच्या नावाचं पहिलं अक्षर बघायचं आणि पाटीवर काढायचं, असं त्यांचं चाललं होतं. ‘र’ खालून वर चढत होता, उलट्या बाजूनं, कुणी शिकवलेलं नसल्यासारखा.

“हात—” करणसिंग मास्तरांच्या तोंडून निघालं. तीस वर्षांची सवय. त्यांचा स्वतःचा हातही पुढे झाला होता. तो त्यांनी मागे घेतला, दुसऱ्या हातानं धरून पाठीशी ठेवला, आणि तसेच उभे राहिले, उभं राहायची शिक्षा झालेल्या पोरासारखे.

दोधूनं पहार ओट्याच्या कडेला लावली.

“थांब,” बाई मान वर न करता म्हणाल्या. “हाई पुरं व्हऊ दे.”

दोधू पहार टेकून उभा राहिला. मास्तर उभे होते, हिलाल उभा होता. उत्तरेच्या खिडक्यांतून उजेड बाईंच्या हातातल्या पाटीवर पडला होता, सगळा, आणि तिघांपैकी कुणाला कसलीच घाई नव्हती.